निकिताची मोजणी

शाळेचा मेसेज आला तेव्हा हरीओम आसेगावच्या शिवारात दोन सख्ख्या भावांच्या मधोमध उभा होता. वाद दीड हात बांधाचा होता आणि दोघांच्याही हातात कुदळी होत्या. हरीओम सरकारी मोजणीदार. वीस वर्षांच्या नोकरीत तो एक गोष्ट पक्की शिकला होता, की समोरच्याच्या हातात कुदळ असली की आपण मोबाइलमध्ये बघावं. त्यामुळे मेसेज त्याने फार बारकाईने वाचला.

"प्रिय पालक, हा आठवडा आपण 'माझी ओळख, माझा उत्सव' म्हणून साजरा करणार आहोत. रोज एक कृती कुटुंबाने आनंदाने एकत्र बसून करावी. फोटो रात्री आठपर्यंत ग्रुपवर टाकावेत. आनंद न दिसल्यास फोटो पुन्हा मागवला जाईल."

खाली इकरा मिसचं नाव होतं. इकरा मिस तिसरीच्या वर्गशिक्षिका. मंगरूळपीरच्या त्या शाळेत निकिता, हरीओमची एकुलती एक मुलगी, तिसरीत होती.

पहिली कृती रविवारची. मुलाला मोठ्या कागदावर झोपवायचं, त्याच्या अंगाभोवती रेघ ओढायची आणि त्या आकृतीत मुलानं आपल्या आवडीच्या गोष्टी भरायच्या. साधनाने, म्हणजे हरीओमच्या बायकोने, दुकानातून खाकी कागद आणून हॉलमध्ये अंथरला होता. निकिता हात अंगापासून दूर धरून त्यावर पडली. हरीओमने स्केचपेन घेतलं आणि रेघ ओढली. रेघ ओढण्याचाच सरकार त्याला पगार देत होतं, त्यामुळे साधनाने फोटो काढण्यापलीकडे लक्ष दिलं नाही.

निकिता उठली. कागद भिंतीला चिकटवला, ती त्याच्या शेजारी उभी राहिली आणि साधना म्हणाली, "अहो, हे काय?"

आकृती निकितापेक्षा सहा बोटं उंच होती.

"पेन तिरपं धरलं असंन तुमी."

"मी पेन तिरपं धरत नाही," हरीओम म्हणाला. हे खरं होतं. तालुक्यात त्याच्यावर बरेच आरोप झाले होते, पण तिरप्या पेनाचा कोणी केला नव्हता.

त्याने स्टीलची टेप आणली. निकिता एकशे चोवीस सेंटिमीटर. आकृती एकशे छत्तीस. कागद उलटा करून दुसऱ्या बाजूने साधनाने रेघ ओढली, अगदी अंगाला लावून, इतकी की निकिताला गुदगुल्या झाल्या. ती आकृतीसुद्धा एकशे छत्तीस भरली.

मोजणी खात्यात एक रिवाज आहे. दोन वेगळ्या माणसांच्या मोजण्या सारख्या आल्या की नकाशा खरा धरायचा आणि जमीन खोटी. हरीओमने हा रिवाज शेकडो शेतकऱ्यांना ऐकवला होता. आज पहिल्यांदा तो त्याला आवडला नाही.

निकिताने मात्र तक्रार केली नाही. तिने रंगीत खडू घेतले आणि मोठ्या आकृतीच्या आत, स्वतःच्या मापाची, दुसरी रेघ ओढली. आवडीच्या गोष्टी त्या आतल्या रेघेतच भरल्या: सायकल, शेवभाजी, मांजर, शेजारच्या मोईनची पतंग. दोन रेघांच्या मधली पट्टी कोरी ठेवली.

"हे बी भर ना," साधना म्हणाली. "मिस म्हनतीन, अर्धंच केलं."

"ते मायं नाही," निकिता म्हणाली.

ती हे इतक्या साधेपणाने म्हणाली की हरीओमला शिवारातले ते दोन भाऊ आठवले. दीड हातासाठी कुदळी काढणाऱ्यांपेक्षा या पोरीला हद्द जास्त कळत होती.

सोमवारी नावाची गोष्ट सांगायची होती. साधनाने जेवताना सांगितली. बारशाच्या दिवशी रंगूआत्या इंझोरीहून आली, तिने पाळण्यात वाकून कानात नाव सांगितलं, बायांनी तिच्या पाठीत धपाटे घातले, घुगऱ्या वाटल्या. गोष्ट छान होती. फोटोत आनंदही दिसत होता.

"आत्यानं कोनाच्या कानात सांगतलं?" निकिताने विचारलं.

"तुह्या, अजून कोनाच्या?"

 निकिताने ताट थोडं सरकवलं. बसायच्या पट्टीवर तिच्या शेजारी एका माणसाची जागा झाली.

त्यानंतर हाकेचा प्रकार सुरू झाला. मंगळवारी सकाळी साधना चहा गाळत होती आणि निकिता अंगणात मांजराला दूध देत होती. साधनाने हाक मारली, "निकिता."

"ओ," असं आतल्या खोलीतून आलं.

साधना गाळणं हातात घेऊन आत गेली. खोलीत पंखा फिरत होता आणि पलंगावरची चादर नीट होती. ती अंगणात आली तर निकिता मांजरापाशीच बसलेली.

"तू ओ देल्ली का आता?"

"मले कुठी बलावलं तुनं?"

"तुलेच त बलावलं."

निकिताने आईकडे पाहिलं. मोठी माणसं समजून घ्यायला वेळ लावतात तेव्हा मुलं जशी थांबतात, तशी ती थांबली. "तिनं ओ देल्ली ना," ती म्हणाली. "दोघींनी कायले द्याची?"

साधनाने हे हरीओमला सांगितलं. हरीओम म्हणाला की शाळेनं पोरांच्या डोक्यात ओळख-ओळख भरलं की असं होतंच. हे म्हणताना तो पाय न वाजवता आतल्या खोलीत जाऊन पंखा बंद करून आला.

दुपारी त्याने निकिताला पुन्हा मोजलं. एकशे तेवीस.

उंची अशी उतरत नाही, हे त्याला माहीत होतं. टेप खोटी म्हणावी तर त्याच टेपवर भिंतीवरची आकृती अजून एकशे छत्तीसच होती, एक मिलिमीटर इकडे नाही की तिकडे नाही. बुधवारी निकिता एकशे साडेएकवीस भरली. साधना तिला डॉक्टरकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी जीभ पाहिली आणि टॉनिक लिहून दिलं. पोरगी कमी होऊन राह्यली, असं साधनाने सांगितल्यावर ते म्हणाले, वजन ना, आणि त्यांनी पुढच्या पेशंटला हाक मारली. घरी येताना तिच्या लक्षात आलं की शाळेचा स्कर्ट, जो जूनमध्ये गुडघ्यावर होता, तो आता गुडघ्याखाली उतरलाय. वर्षभरात मुलीला स्कर्ट तोकडा होतो. लांब होताना तिने पाहिला नव्हता.

गुरुवारची कृती होती, 'माझ्या नावाची वस्तू'. घरात तुमचं नाव असलेलं जे काही असेल ते शाळेत आणायचं. आता मराठी घरात नाव असलेली वस्तू म्हणजे स्टीलचं भांडं. दुकानातली ती मशीन घूं घूं करत काहीही कोरून देते, आणि भांडं लग्नापेक्षा जास्त टिकतं. फडताळात अशी नावं पडून असतात ज्यांच्या मालकांचं पुढं काय झालं ते विचारायची सोय नसते. म्हणून भांड्यावरचं कोणी वाचत नाही.

निकिताने वाचलं. रोजची वरणाची वाटी होती तिची, लहानपणापासूनची. तिने ती खिडकीपाशी नेली, उजेडात तिरकी धरली आणि एकेक अक्षर लावून मोठ्यानं वाचलं.

"चि. निकिता हिच्या बारशानिमित्त. रंगूआत्याकडून. सोळा, अकरा, दोन हजार चौदा."

साधनाने टाकलेली पोळी तव्यावर तशीच राहिली.

"बाबा, मी त दोन हजार सोळाची ना?"

"हो."

"मंग हे कोनाचं हाय?"

हरीओमने बऱ्याच लोकांना बरीच उत्तरं दिली होती. मूळ नकाशा जीर्ण आहे, गटवारीत चूक असेल, अपील करा. यातलं एकही इथे चालण्यासारखं नव्हतं.

"चुकीचं कोरलं असंन, बेटा."

"नाही," निकिता म्हणाली. "बरोबर कोरलं." आणि वाटी तिने फडताळात परत ठेवली, जपून, दुसऱ्याची वस्तू ठेवावी तशी. शाळेत ती काहीच घेऊन गेली नाही.

खरी गोष्ट अशी होती. लग्नानंतर आठ वर्षांनी साधनाला मुलगी झाली. इंझोरीच्या रंगूबाईने, हरीओमच्या थोरल्या बहिणीने, नाव ठरवलं, वाटी-पेला-ताट कोरून आणलं. बारशाच्याच दिवशी पहाटे, दहा दिवसांची ती मुलगी दवाखान्यात दगावली. सकाळच्यासाठी भिजवलेल्या घुगऱ्या शेजारच्या शाहजादीने कोणाला न सांगता उचलून नेल्या. लेकराला जाळत नाहीत, पुरतात. हरीओमने तिला आसेगावच्या आपल्या वावरात, बांधाच्या कडेला ठेवलं. आयुष्यभर दुसऱ्यांच्या वावरात खुणेचे दगड रोवणाऱ्या माणसाने तिथे एकही दगड रोवला नाही. विसरायचं असलं की मोजमाप ठेवायचं नसतं, असं तेव्हा सगळ्यांनी सांगितलं होतं.

दोन वर्षांनी दुसरी झाली. रंगूबाई म्हणाली, पहिली बारशाच्या आधी गेली, म्हणजे नाव कोणाला लागलंच नाही, नाव कोरंच आहे. शिवाय भांडी कोरून तयार होती. त्या मशीनचं अक्षर पुसता येत नाही. असं करून त्या घरात एक चांगलं नाव वाया जाण्यापासून वाचलं, आणि काटकसरीबद्दल रंगूबाईचं कौतुकही झालं.

शुक्रवारी निकिता एकशे वीस होती. दिवसभरात कोणी नावानं हाक मारली तर तिने मान वर केली नाही. साधनाने तिला "बेटा" म्हणून जवळ घेतलं तेव्हा ती आली, मांडीत बसली, आणि साधनाला जाणवलं की मांडीत पूर्वीपेक्षा जास्त जागा उरते आहे.

"अहो," ती हरीओमला म्हणाली, "मायी पोरगी सरून राह्यली. काही करा. मोजू नका आता, काही करा."

हरीओमने मोटरसायकल काढली आणि इंझोरी गाठली.

रंगूबाई ओसरीत तुरी पाखडत होती. साठी उलटलेली, आवाज मात्र बाजाराच्या दिवसाचा.

"ये. मोजणीदार साहेब बिना नोटिशीचे कसे आले आज?"

"बाई, एक विचारतो, खरं सांग."

"मी खोटं कवा बोलली? तुहा धंदा हाय तो."

"त्या पयल्या पोरीच्या कानात तू नाव सांगतलं होतं का?"

सूप थांबलं. तुरीचा एक दाणा काठावरून खाली पडला, रंगूबाईने तो शोधून उचलला. वेळ काढायला माणूस काहीही उचलतो.

"तुले कोनं सांगतलं?"

"कोनंच नाही. सांगतलं का नाही?"

"दवाखान्यात," ती म्हणाली. "रातचे दोन वाजले असतीन. तू खाली मेडिकलवर गोया आनाले गेल्ता. लेकरू निळं पडून राह्यलं होतं. माय म्हने, नाव नसलेलं लेकरू लवकर जाते, त्याले कोनी थांब म्हनू शकत नाही. मंग मी वाकली न् कानात सांगतलं. निकिता, थांब व माय, सकाळी तुहं बारसं हाय." तिने पदराने तोंड पुसलं. "थांबली थे. चार घंटे थांबली. नावासाठी थांबली, हरी. मंग गेली."

"आन् तुनं तेच नाव हिले देल्लं."

"कोनाले मालूम होतं का मी सांगतलं? मले वाटलं, चार घंट्यात काय नाव लागते."

हरीओम ओसरीच्या कडेला बसला. एका सर्व्हे नंबरवर दोन नावं लागली की काय होतं ते त्याला पाठ होतं. मोठा हक्क सांगतो, लहानाचं क्षेत्र कमी होत जातं, आणि एक दिवस लहान उताऱ्यावरून निघून जातो. कोणी त्याला हाकलत नाही, जागाच उरत नाही.

"आता काय करायचं, बाई?"

"नाव पयलीचं हाय. तिले तिचं ठेवू दे. हिले दुसरं द्या लागन." रंगूबाई उठली. "थांब, लुगडं बदलून येतो. बारशाले आत्या पायजे."

शनिवारी दुपारी साडेआठ वर्षांच्या मुलीचं बारसं झालं. पाळण्यात ती मावत नव्हती, म्हणून पलंगावर बसली. साधनाने मोबाइलवर शोधून तेवीस नावांची यादी केली होती, अर्थांसकट. शनिवारच्या कृतीत लिहिलं होतं, 'कुटुंबाने मिळून काहीतरी साजरे करा', आणि त्यामुळे, एवढं सगळं होऊनही, कृतीचं पालन झालं हे मान्य करावं लागतं.

"लखमा ठेवू," रंगूबाई म्हणाली. "मायच्या मायचं नाव."

"वापरेल हाय," मुलगी म्हणाली.

"सपना?" साधनाने यादी पाहिली.

"वर्गात हाय एक."

"स्वरा, आर्वी, इरा..."

"कोनाचं नसंन असं पायजे," मुलगी म्हणाली. ती हट्ट करत नव्हती. तलाठ्यासमोर उभ्या असलेल्या माणसाइतकी ती गंभीर होती. मग तिने खिडकीतून बाहेर पाहिलं, रस्त्यापलीकडच्या वावरात कापूस फुटला होता. "कपाशी," ती म्हणाली. "कपाशी नावाचं कोनी हाय का?"

"पीक हाय थे, पोरी. पिकाचं नाव देतेत का मानसाले?"

"पन कोनी हाय का?"

रंगूबाईने विचार केला. इंझोरी, कारंजा, मानोरा, माहेर, सासर, मेलेले, जिवंत. "नाही," ती म्हणाली. "कोनीच नाही."

तिने मुलीच्या कानाशी तोंड नेलं. नाव सांगायच्या आधी मात्र तिने मान उचलली आणि पलंगाच्या दुसऱ्या बाजूला, जिथे कोणी बसलेलं नव्हतं, तिथे पाहून म्हणाली, "तुहं तुले राह्यलं, बाई. आता हिच्याकडे येऊ नको." मग वाकून कपाशीच्या कानात कुर्र केलं.

साधनाने रीतीप्रमाणे आत्याच्या पाठीत धपाटा घातला. एक धपाटा. रंगूबाई मात्र दोनदा पुढे झुकली.

घुगऱ्या वाटल्या. साधनाने कोणाला न विचारता त्या कोरलेल्या वाटीत चार चमचे घातल्या आणि वाटी आतल्या खोलीत ठेवून आली. संध्याकाळी वाटी मोरीपाशी घासून पालथी घातलेली होती. साधनाने रंगूबाईला विचारलं, तुमी घासली का. रंगूबाईने साधनाला विचारलं, तू घासली का. हरीओमला कोणी विचारलं नाही, त्याने आयुष्यात वाटी घासली नव्हती.

रविवारी कपाशी एकशे चोवीस भरली. साधनाने टेप हरीओमच्या हातातून घेतली आणि गुंडाळून कपाटावर टाकली.

सोमवारी दोघं नवरा-बायको शाळेत गेले. उत्सवाच्या समारोपाला पालकांना बोलावलं होतं आणि नाव बदलायचं होतं. मुख्याध्यापकांनी कारणाच्या रकान्यात काय लिहू म्हणून विचारलं. साधना म्हणाली, वैयक्तिक. ते म्हणाले, प्रतिज्ञापत्र लागेल, राजपत्रात प्रसिद्धी लागेल, आधार बदलावं लागेल, आणि चालू वर्षी काहीच होणार नाही. "तोवर कागदोपत्री निकिताच राहील. काही अडचण आहे का?"

"आमाले नाही," हरीओम म्हणाला.

वर्गात पालक मागच्या बाकांवर बसले. भिंतीवर खाकी आकृत्या ओळीने लावल्या होत्या. तीसेक मुलं, तीसेक ओळखी, सगळ्यांना पिझ्झा आवडत होता. कपाशी खिडकीजवळच्या दोघांच्या बाकावर एकटी बसली होती, भिंतीच्या बाजूला सरकून. इकरा मिस हजेरी घेऊ लागल्या. त्यांचा घसा बसला होता आणि आवाज एकसुरी येत होता. मुलं प्रेझेंट मिस, प्रेझेंट मिस म्हणत होती.

"निकिता हरीओम."

कपाशी खिडकीबाहेर पाहत होती. तिचे ओठ मिटलेले होते. हरीओमला ते स्पष्ट दिसत होते, कारण तो दुसरीकडे कुठे पाहूच शकत नव्हता.

"प्रेझेंट, मिस."

आवाज बाकाच्या मोकळ्या अर्ध्या भागातून आला. लाजरा होता, घाईचा होता. शाळेत पहिल्या दिवशी आलेल्या मुलाचा असतो तसा. साधनाने हरीओमचं मनगट धरलं आणि सोडलं नाही.

इकरा मिसने मान वर न करता खूण केली. "बहोत अच्छे. हप्ताभर तोंड उघडलं नव्हतं हिनं. गोलू, तू बस नीट."

हजेरी पुढे गेली. हरीओमच्या मनात एक हिशोब चालू झाला, जो त्याने दहा वर्षं होऊ दिला नव्हता. ती दहा वर्षांची. पाचवीत असायला हवी होती. नाव तिसरीच्या रजिस्टरात लागलं म्हणून तिसरीत येऊन बसली. दुसरं कुठलं रजिस्टर तिला कोणी दिलंच नव्हतं.

समारोप झाला. मिसने पालकांना अभिप्रायाचा फॉर्म वाटला: पाल्याचे नाव, या उपक्रमातून पाल्याविषयी तुम्हाला काय नवीन कळले, पालकाची सही. साधनाने पेन काढलं आणि पहिल्या ओळीवर ते थांबलं. तिने नवऱ्याकडे पाहिलं. हरीओम फॉर्म घेऊन टेबलापाशी गेला.

"मिस, अजून एक फॉर्म भेटंन का?"

"खराब झाला का?"

"नाही. दोन लागतीन."

"दोन कशाला, भाऊ? एका पाल्याला एक."

"हो," हरीओम म्हणाला. "दोघी हायेत."

इकरा मिसने गठ्ठ्यातून दुसरा फॉर्म ओढला. "असं होय. दुसरी कोणत्या वर्गात?"

हरीओमने मागे वळून पाहिलं. कपाशी दप्तर भरत होती. बाकाच्या मोकळ्या बाजूला तिने आपली पाण्याची बाटली ठेवली होती, झाकण उघडून.

"याच वर्गात," तो म्हणाला.